नाव 'आंतरराष्ट्रीय', मग विदेशी विमान का उतरत नाही?

पीएच.डी. प्रवेशाच्या मुलाखतीची तयारी करणाऱ्या एका विद्यार्थ्याने मला त्याचा संशोधन प्रस्ताव वाचायला पाठवला होता. विषय होता प्रादेशिक विमानतळ आणि विदेशी विमान कंपन्या. प्रस्तावाचं पहिलंच वाक्य साधारण असं: विमानतळाला 'आंतरराष्ट्रीय' दर्जा आणि मोठ्या व्यक्तीचं नाव मिळालं की त्याची ओळख जगभर होते, आणि विदेशी कंपन्या तिकडे वळतात. पुढे दहा विमानतळांचा तक्ता करायचा बेत होता. एका रकान्यात नामकरणाचं वर्ष, दुसऱ्यात विदेशी कंपन्यांची संख्या, आणि मग सहसंबंध.

हे वाक्य त्याचं एकट्याचं नाही. जाहीर सभांत, वर्तमानपत्रांत आणि घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर आपण ते ऐकत आलोय. त्याचं उलटं वाक्यही तितकंच ऐकू येतं: "नुसते नावावरून भांडत बसले, म्हणून विमानं आली नाहीत." ही दोन वाक्यं एकमेकांच्या विरोधात वाटतात. पण दोघांच्या पोटात गृहीतक एकच आहे, की नाव आणि विमान यांचा थेट संबंध असतो. मला हे गृहीतकच तपासायचं आहे. तुम्ही विमान वाहतुकीवर संशोधन करणार नसाल तरी वाचा, कारण ही चूक कुठल्याही विषयात होते. मीही केली आहे, ते पुढे सांगते.

एक शब्द, चार गोष्टी

'आंतरराष्ट्रीय विमानतळ' म्हणताना आपण चार वेगळ्या गोष्टी एकात कालवतो. आधी त्या सुट्या करू.

पहिली गोष्ट नाव. राज्य सरकार प्रस्ताव करतं, बहुतेक वेळा विधिमंडळात ठराव होतो, तो केंद्राकडे जातो आणि अंतिम मंजुरी केंद्राची असते. हा सगळा राजकीय आणि सामाजिक निर्णय आहे.

दुसरी गोष्ट दर्जा. परदेशातून आलेला माणूस आणि त्याचं सामान तपासायला कस्टम्स, इमिग्रेशन आणि आरोग्य तपासणीची व्यवस्था लागते. ती आहे का, हा प्रशासनाचा प्रश्न.

तिसरी गोष्ट हक्क, आणि बहुतेक लोक हीच विसरतात. १९४४ च्या शिकागो कराराने प्रत्येक देशाला आपल्या आकाशावर पूर्ण सार्वभौमत्व दिलं. त्यामुळे एका देशाच्या कंपनीला दुसऱ्या देशात नियमित प्रवासी सेवा चालवायची तर त्या देशाची परवानगी लागते. ती दोन सरकारांमधल्या हवाई सेवा करारातून मिळते. आठवड्याला किती जागा, आणि कुठल्या शहरांत उतरायचं, हे त्यात ठरतं. करारात नाव असलेल्या अशा शहराला 'पॉइंट ऑफ कॉल' म्हणतात. तुमचं शहर त्या यादीत नसेल, तर धावपट्टी कितीही लांब असो आणि नाव कितीही मोठं असो, त्या देशाची कंपनी तिथे नियमित सेवा सुरू करू शकत नाही.

चौथी गोष्ट प्रत्यक्ष सेवा. हक्क असला तरी कंपनी येईलच असं नाही. विमान भरेल का, कुठल्या आकाराचं विमान उतरू शकेल, सोयीची वेळ मिळेल का, हे बघून कंपनी ठरवते.

चार गोष्टी, चार ठिकाणी होणारे निर्णय. नाव राज्याच्या पुढाकाराने, दर्जा केंद्राच्या यंत्रणांकडून, हक्क दोन देशांच्या वाटाघाटींतून आणि सेवा कंपनीच्या हिशोबातून येते. प्रस्तावातलं पहिलं वाक्य पहिल्या गोष्टीवरून थेट चौथीवर उडी मारतं. ही उडी किती धोक्याची आहे, ते तीन ठिकाणांवरून पाहू.

कन्नूर: सगळं आहे, हक्क नाही

केरळच्या उत्तरेला कन्नूर आंतरराष्ट्रीय विमानतळ ९ डिसेंबर २०१८ ला सुरू झाला. धावपट्टी ३,०५० मीटर, म्हणजे मोठं विमान उतरेल इतकी. पहिल्या दिवसापासून आखातात जाणारी विमानं. पहिल्या वर्षाच्या आतच प्रवासीसंख्या दहा लाखांच्या पुढे गेली. उत्तर केरळमधली किती कुटुंबं आखातातल्या नोकरीवर उभी आहेत, हे वेगळं सांगायला नको. म्हणजे मागणी आहे, दर्जा आहे, धावपट्टी आहे, नावात 'आंतरराष्ट्रीय' आहे.

तरीही तिथे विदेशी कंपनीची नियमित सेवा सुरू होऊ शकली नाही. कारण कन्नूरला पॉइंट ऑफ कॉलचा दर्जा दिलेला नाही. संसदेत विचारणा झाल्यावर सरकारची भूमिका थोडक्यात अशी राहिली आहे: विदेशी कंपन्यांना भारतात आधीच खूप शहरं मिळाली आहेत, त्या मानाने भारतीय कंपन्यांना त्यांच्याकडे कमी मिळाली आहेत, म्हणून महानगरांबाहेरचं नवं शहर विदेशी कंपन्यांना सध्या देत नाही. भारतीय कंपन्यांनी मात्र कन्नूरहून खुशाल उडावं.

आता याचे परिणाम बघा. कन्नूरचा आंतरराष्ट्रीय प्रवास पूर्णपणे मोजक्या भारतीय कंपन्यांवर अवलंबून राहिला. मे २०२३ मध्ये त्यातली गो फर्स्ट बंद पडली आणि विमानतळाची उड्डाणं एकदम घटली. दुसऱ्या विमानतळावर अशी पोकळी एखाद्या आखाती कंपनीने भरली असती. इथे तो रस्ताच बंद होता. सुट्टीला घरी येणाऱ्या कामगाराच्या हाती पर्याय कमी उरले.

कोविडच्या काळात अडकलेल्या लोकांना घेऊन विदेशी कंपन्यांची मोठी विमानं कन्नूरला उतरली होती, हेही लक्षात ठेवा. म्हणजे तांत्रिक अडचण नव्हतीच. अडचण कागदावर होती आणि आहे.

सरकारचा युक्तिवाद मला पोकळ वाटत नाही. आखाती कंपन्या आपल्या शहरांतून प्रवासी उचलून दुबई किंवा दोहामार्गे युरोप-अमेरिकेला नेतात. असाच धंदा आपल्या कंपन्यांना आपल्या विमानतळांवरून उभा करायचा असेल, तर सगळी दारं उघडी ठेवणं परवडणार नाही. पण या युक्तिवादात एक भोक आहे. जुन्या करारांत ज्यांची नावं आधीच आली, ती शहरं तशीच राहतात; नंतर आलेली बाहेर. नागपूरहून दोहा आणि शारजाला विदेशी कंपन्यांची विमानं गेली आहेत, मध्ये खंड पडले तरी. कन्नूरहून नाही. हा फरक मागणीचा नाही आणि नावाचा तर अजिबात नाही. कोण रांगेत आधी उभं होतं, याचा आहे.

औरंगाबाद: हक्क आहे, विमान नाही

आता उलट उदाहरण. भारताने आसियान देशांच्या कंपन्यांना महानगरांबाहेरची १८ शहरं खुली केली होती, तीही फेऱ्यांची मर्यादा न घालता. गया, वाराणसी, खजुराहो, पोर्ट ब्लेअर, गोवा अशी ही यादी आहे, आणि तिच्यात औरंगाबाद म्हणजे आजचं छत्रपती संभाजीनगरही आहे. कारण उघड आहे. वेरूळ-अजिंठा जवळ, आणि आग्नेय आशियात बौद्ध पर्यटक मोठ्या संख्येने.

म्हणजे बँकॉकच्या एखाद्या कंपनीला चिकलठाण्यावर उतरायचं असेल तर कन्नूरसारखी हक्काची अडचण नाही. तरी तिथे आग्नेय आशियातून टिकून राहिलेली नियमित सेवा उभी राहिली नाही. गयेला मात्र बोधगयेच्या यात्रेकरूंसाठी हिवाळ्याच्या हंगामात आग्नेय आशियातून विमानं येतात. दोन्ही शहरं एकाच यादीत, एकाच हक्काखाली. मग फरक कशाने पडला? बोधगयेला यात्रेकरू एका ठरलेल्या हंगामात, गटागटाने, त्याच एका जागेसाठी येतो. अजिंठ्याचा पर्यटक बहुधा मुंबई-दिल्लीच्या मोठ्या सहलीत दोन दिवस काढून येतो. त्याला थेट विमानाची तितकी गरज नाही. हे माझं अनुमान आहे, सिद्ध निष्कर्ष नाही. पण संशोधनाचा प्रश्न म्हणून नामकरणापेक्षा हा मला जास्त खरा वाटतो.

कन्नूर आणि औरंगाबाद शेजारी ठेवा. एकीकडे मागणी आहे, हक्क नाही. दुसरीकडे काही देशांपुरता हक्क आहे, पण कंपनीला पुरेल अशी मागणी दिसत नाही. दोन्हीकडे निकाल एकच: विदेशी विमान नाही. तुमच्या तक्त्यात दोघांसमोर शून्य येईल आणि ते शून्य सारखंच दिसेल. पण त्यांची कारणं वेगळी आहेत आणि म्हणून उपायही वेगळे. एकाला दिल्लीत वाटाघाटी हव्यात, दुसऱ्याला प्रवासी हवेत. नामकरणाने दोघांचंही शून्य हलणार नाही.

मोपा: आकडा वाढला, पण कुठला?

गोव्याची गोष्ट जास्त फसवी आहे, कारण तिथे तक्ता तुम्हाला हवं ते उत्तर देतो.

पेडणे तालुक्यातल्या मोपा विमानतळाचं उद्घाटन ११ डिसेंबर २०२२ ला झालं. त्याच कार्यक्रमात मनोहर पर्रीकरांच्या स्मरणार्थ 'मनोहर आंतरराष्ट्रीय विमानतळ' हे नाव जाहीर झालं. ५ जानेवारी २०२३ पासून विमानं सुरू झाली. पुढे ओमान एअर आली, जून २०२४ मध्ये कतार एअरवेज आली. आता वरचा तक्ता भरा: नामकरणापूर्वी विदेशी कंपन्या शून्य, नंतर दोन आणि जास्त. सहसंबंध छान!

पण या दोन्ही कंपन्या गोव्यात आधीपासूनच होत्या. त्या दाबोळीला उतरत होत्या. तिथून उठून मोपाला गेल्या. दाबोळी हा नौदलाच्या आयएनएस हंसा तळावरचा विमानतळ. नौदलाचा सराव सांभाळून नागरी विमानांना वेळा मिळतात. मोपाला ही अडचण नाही. कंपनीने सोय बघितली आणि जागा बदलली. गोवा राज्याच्या पातळीवर बेरीज केली तर या दोन कंपन्यांपुरती वाढ शून्य आहे.

दक्षिण गोव्यातल्या टॅक्सीवाल्याला आणि हॉटेलवाल्याला हा फरक समजवावा लागत नाही. मोपाची प्रत्येक 'नवी' कंपनी ही दाबोळीची गेलेली कंपनी तर नाही ना, हा प्रश्न तिथे पोटापाण्याचा आहे. आपल्याकडे मात्र तो तक्त्याच्या रकान्यात हरवतो, कारण आपण विमानतळ हे एकक धरलं. एकक 'गोवा' धरलं असतं तर उत्तर वेगळं आलं असतं.

इथे अजून एक अडचण आहे. मोपाचं नाव आणि मोपा विमानतळ एकाच दिवशी लोकांसमोर आले. त्यामुळे नावाचा परिणाम आणि नव्या धावपट्टीचा परिणाम वेगळे काढायला आकडेवारीत जागाच उरत नाही. बऱ्याच ठिकाणी असंच होतं. नामकरण नवं टर्मिनल, विस्तार किंवा निवडणूक यांच्या आसपास होतं. 'आधी आणि नंतर' अशी तुलना करणाऱ्याने हे आधी बघायला हवं.

आणखी एक व्याख्येचा मुद्दा. मोपा व्हायच्या कितीतरी आधीपासून गोव्यात ब्रिटन-रशियातून पर्यटकांची चार्टर विमानं येत आली आहेत. ती पॉइंट ऑफ कॉलच्या नियमित सेवेत मोडत नाहीत. त्यांचे नियम वेगळे. हजची विमानंही खास व्यवस्थेतली. म्हणून 'विदेशी विमान उतरलं' आणि 'विदेशी कंपनी सेवा देते' ही दोन वेगळी वाक्यं आहेत. तुम्ही नेमकं काय मोजताय, ते पहिल्या पानावर लिहा.

माझी चूक

एम.एस्सी.च्या शेवटच्या वर्षी मी विमानतळांच्या जाळ्यावर एक छोटा प्रकल्प केला होता. आकडेवारीच्या फाइलमध्ये विमानतळांचे गट होते: आंतरराष्ट्रीय, कस्टम्स, देशांतर्गत. मला परदेशी उड्डाणं हवी होती, म्हणून मी 'आंतरराष्ट्रीय' गट निवडला आणि बाकीच्या ओळी काढून टाकल्या. सादरीकरणात मागच्या बाकावरून कोणीतरी विचारलं, "यात पुणे कुठंय?"

पुणे नव्हतं. कारण बोलताना आपण 'पुणे आंतरराष्ट्रीय विमानतळ' म्हणत असलो, तरी त्या यादीत ते 'कस्टम्स विमानतळ' होतं. तिथून दुबईला विमानं जात होती. त्याही आधी, २००८ पासून काही वर्षं, लुफ्थान्साने प्रायव्हेट एअर या कंपनीच्या छोट्या विमानाने पुणे-फ्रँकफर्ट सेवा चालवली होती. लोहगावची धावपट्टी जेमतेम अडीच किलोमीटर, हवाई दलाचा तळ, तरी जर्मन कंपनी आली. चाकणला जर्मन मोटार कंपन्यांचे कारखाने आहेत, हे लक्षात घेतलं की आश्चर्य वाटत नाही. मोठं विमान नेता येत नव्हतं तर लहान विमान आणलं. दर्जाचा शिक्का नव्हता, संत तुकाराम महाराजांच्या नावाचा प्रस्तावही तेव्हा नव्हता. त्याला राज्य मंत्रिमंडळाने मान्यता दिली ती २०२४ मध्ये.

मी लेबलवर विश्वास ठेवला आणि जे मोजायचं होतं तेच फेकून दिलं. त्या दिवशी इतकी लाज वाटली की घरी येऊन पहिली ओळ वहीत लिहिली: गटाचं नाव म्हणजे गटाचा गुणधर्म नव्हे.

नावांचा अजून एक त्रास तुम्हाला होणार आहे, आत्ताच सांगते. दोन फाइली विमानतळाच्या नावावरून जोडू नका. एका फाइलमध्ये औरंगाबाद, दुसरीत छत्रपती संभाजीनगर. एकीत सहार, दुसरीत छत्रपती शिवाजी महाराज, आणि त्यातही 'महाराज' हा शब्द २०१८ मध्ये जोडलेला. जोडणी कोडवरून करा. शहराचं नाव १९९५ मध्ये मुंबई झालं, पण सामानाच्या चिठ्ठीवर आजही बीओएमच छापलं जातं. मात्र कोडवरही आंधळा भरवसा नको: 'गोवा' म्हणजे २०२३ नंतर दोन कोड, दाबोळीचा जीओआय आणि मोपाचा जीओएक्स.

मग नावाला काही अर्थच नाही?

असं म्हणणं ही दुसऱ्या टोकाची चूक होईल. "नावात काय ठेवलंय" असं सहज म्हणणाऱ्यांनी नवी मुंबई आठवावी. २०२१ मध्ये तिथल्या विमानतळाला कोणाचं नाव द्यायचं यावरून हजारो प्रकल्पग्रस्त रस्त्यावर आले. त्यांना दि. बा. पाटील यांचं नाव हवं होतं. सिडकोने घेतलेल्या जमिनींच्या मोबदल्यासाठी १९८४ मध्ये जासईला झालेल्या आंदोलनात पाच शेतकरी पोलिसांच्या गोळीबारात गेले, आणि दि. बा. त्या लढ्याचे नेते होते. ज्यांची शेतं, गावं धावपट्टीखाली गेली, ते विचारत होते की इथे आमची आठवण कुठे असेल. त्या प्रश्नाचं उत्तर प्रवासीसंख्येत नाही, आणि असायलाही नको.

माझा आक्षेप नावाच्या मागणीला नाही. आक्षेप आहे तो नावाला भलत्याच कामाला लावण्याला. स्मरणासाठी मागितलेलं नाव 'याने विदेशी कंपन्या येतील' असं सांगून खपवलं, की दोन नुकसानं होतात. ज्यांना आठवण जपायची आहे त्यांची मागणी आर्थिक फायद्याच्या तराजूत जाते. आणि ज्यांना खरोखर विमान हवंय, रात्री एक्स्प्रेसवेवर टॅक्सी करून मुंबई गाठणारा पुणेकर किंवा सुट्टीचं तिकीट शोधणारा कन्नूरचा कामगार, ते चुकीच्या दारात उभे राहतात. पॉइंट ऑफ कॉल मागायला हवा तिथे नाव मागितलं जातं. नाव मिळतं, सत्कार होतात, आणि आकाश तसंच राहतं.

प्रस्ताव कसा दुरुस्त केला

त्या विद्यार्थ्याला मी पाच गोष्टी सुचवल्या. तुमचा विषय कुठलाही असो, तुम्हालाही चालतील.

१. शीर्षकातला मोठा शब्द फोडा. 'आंतरराष्ट्रीय' म्हणजे नाव, दर्जा, हक्क की सेवा? प्रत्येकासाठी वेगळा रकाना.

२. प्रत्येक रकान्यासमोर लिहा, हा निर्णय कोण घेतं. निर्णय घेणारे वेगळे असतील तर एका रकान्यावरून दुसऱ्याचं भाकीत करायला वेगळं कारण द्यावं लागेल.

३. शून्य आलं तर थांबा. हे शून्य 'परवानगी नाही' याचं आहे की 'परवानगी आहे पण कोणी आलं नाही' याचं?

४. वाढ दिसली तर शेजारी बघा. कोणाचं काही कमी झालंय का?

५. तुमचं गृहीतक खोटं ठरवणारं उदाहरण प्रस्ताव लिहायच्या आधी शोधा. सापडलं तर प्रस्ताव बदला, उदाहरण लपवू नका.

त्याने विषय सोडला नाही, प्रश्न बदलला. आता तो विचारतोय: हवाई सेवा करारांत एखादं प्रादेशिक शहर आधीपासून असणं किंवा नसणं, याचा तिथल्या आखाती प्रवाशांच्या पर्यायांवर काय परिणाम होतो? आधीच्या प्रश्नापेक्षा हा लहान आहे, कमी आकर्षक आहे, पण याचं उत्तर काढता येईल. करारांत काय आहे, उड्डाणं किती, कंपन्या किती, हे मोजता येतं.

मुलाखतीत त्याला विचारतीलच, "मग नामकरणाचं काय?" त्याला मी सांगितलंय, सरळ सांग: तो महत्त्वाचा प्रश्न आहे, पण माझा नाही, आणि माझ्या आकडेवारीने त्याचं उत्तर देता येत नाही. असं म्हणायला बिचकू नका. आपली आकडेवारी कुठे गप्प बसते ते सांगता येणं हाही संशोधनाच्या तयारीचा भाग आहे.

तुमच्या जवळच्या विमानतळावर हे करून बघा. चार रकाने, चार उत्तरं. कुठला रकाना रिकामा राहतो, ते मला खाली लिहून कळवा.